मुकुटापुढे खोटं गात नाहीत

१

बेटावरच्या मोठ्या सणाच्या आदल्या दिवशी सकाळी गव्हर्नरसाहेब स्वतःच्याच घरात, पवित्र आत्म्याच्या वेदीच्या पायरीशी मरून पडलेले सापडले, आणि वेदीवरचा चांदीचा मुकुट, गावाच्या लेखी साक्षात पवित्र आत्मा, जागेवर नव्हता.

गावानं आकांत केला तो मुकुटासाठी. माणूस गेल्याचं बोलणं मागाहून झालं, तेही खालच्या आवाजात.

पाद्री झेफेरिनो आले, गुडघे टेकले, प्रेताच्या कपाळाला तेल लावलं, प्रार्थना म्हटली. ओठ आपसूक हलत होते. थंडीत धाकटी बहीण गेली तेव्हापासून त्यांचं हे असंच चाललं होतं. घंटा वाजली की उठायचं, चर्चमध्ये मिस्सा म्हणायची, समोर येईल ते खायचं. एके काळी हा माणूस प्रवचन सांगता सांगता गायला लागला की पलीकडच्या गावचे गवळी दूध तापवायचं सोडून धावत यायचे. तो आवाज बहिणीबरोबर मातीत गेला. देवावर राग नव्हता. राग यायलासुद्धा आत काहीतरी जागं असावं लागतं.

गव्हर्नरसाहेबांचं, म्हणजे दों ग्वाल्तेर यांचं, डोकं मागच्या बाजूनं पायरीच्या दगडी कडेवर आपटलं होतं. डोळे उघडेच होते. त्यांत भीती नव्हती, नवल होतं. आयुष्यभर ज्याला कुणी हात लावला नाही अशा माणसाला कुणीतरी हात लावला, एवढंच ते नवल.

"सरळ गोष्ट आहे, पाद्रीबाबा," रेजिदोर सिल्वेरियो म्हणाला. गावातला कायदा म्हणजे हा एकटा सिल्वेरियो, आणि त्याला गोष्टी सरळच लागत. "चोर मुकुट उचलायला आला, साहेब आडवे आले, चोरानं ढकललं."

"आणि चोर घरचाच," दारातून साहेबांचा चुलत पुतण्या लिओनेल म्हणाला. लिस्बनला वाढलेला, पांढऱ्या बुटांतला तरुण. "काकांनी आफ्रिकेतून आणलेलं ते रत्न बघा आधी. जिन्याखालच्या खोलीत त्याची पेटी आहे. ती उघडा, मग मला सांगा."

तोबियासला, साहेबांच्या त्या आफ्रिकी नोकराला, दोघांनी धरून केव्हाच तळघरात कोंडलं होतं. जिन्याखालच्या खोलीत सिल्वेरियो आणि पाद्री दोघेच वाकून शिरले. सिल्वेरियोनं पेटीचं झाकण उचललं आणि पटकन डोक्यावरची टोपी काढली.

मुकुट आत होता.

२

सिल्वेरियो तसाच मागे फिरणार होता. पाद्रींनी त्याची बाही धरली.

"थांब. नीट बघ."

"काय बघू? सापडला ना!"

"कसा ठेवलाय ते बघ."

तोबियास त्या पेटीत साहेबांचे घोड्यावरचे जोडे ठेवी. जोडे आता पेटीत नव्हते. बाहेर काढून भिंतीपाशी सरळ मांडून ठेवले होते. पेटीच्या तळाशी खळ घातलेलं, धुतलेलं पांढरं वस्त्र होतं. त्यावर चांदीचं तबक, तबकात मुकुट, उभा. मुकुटाच्या टोकावरचा चांदीचा पारवा, पवित्र आत्म्याची खूण, सरळ. रेशमी फिती चुरगळू नयेत म्हणून तबकाभोवती सोडलेल्या. आणि या सगळ्यावर आणखी एक धुतलेलं वस्त्र.

"माणूस मारून पळणारा चोर," पाद्री म्हणाले, "फितींच्या घड्या सोडवत बसतो का रे?"

सिल्वेरियोनं मान खाजवली. "आता तुम्ही म्हणता तेव्हा... पण पेटी त्याची आहे."

"गेल्या रविवारी मुकुट या घरात आला, तेव्हा तोबियासनं तो कसा उचलला होता आठवतंय? काखेत. भोपळा धरावा तसा. बायका किंचाळल्या होत्या. त्याला हात पुसायचंही ठाऊक नव्हतं."

"मग?"

"मग काही नाही. पेटीत काय पाहिलं ते कुणाला बोलू नकोस. सापडला एवढंच सांग."

"सांगतो. पण पाद्रीबाबा, मीही एक सांगतो," सिल्वेरियो टोपी घालत म्हणाला. "आंग्रा शहराला, न्यायाधीशाकडे नेणारी बोट दुपारनंतर सुटते. तुमची वस्त्रं आणि घड्या न्यायाधीश ऐकणार नाही. त्याच्यापुढे एक काळा, एक मेलेला गव्हर्नर आणि एक पेटी. जन्मठेपेला पाठवतील. ती काढायची कुठे, तर आफ्रिकेत. बेड्या घालून घरी पाठवल्यासारखंच की ते."

तो हसला नाही. सिल्वेरियो वाईट माणूस नव्हता. बाहेर जाऊन मात्र त्याच्या तोंडून "जोड्यांच्या पेटीत मिळाला" एवढं निघालंच. लिओनेलनं ते उचललं, आणि घटकाभरात गावभर झालं की काळ्यानं पवित्र आत्म्याला घाणेरड्या जोड्यांखाली दडपून ठेवला होता. अंगणात बायका छाती पिटून रडायला लागल्या. आणि कुणीतरी तळघराच्या दारावर पहिला दगड मारला.

३

तळघरात द्राक्षारसाच्या पिंपांमध्ये तोबियास जमिनीवर बसला होता. कपाळ फुटलं होतं. पाद्रींनी पाण्याचा तांब्या पुढे केला. तो प्यायला नाही, धरून बसला.

"तू मारलंस का?"

"नाही."

"एवढंच म्हणणार आहेस?"

"पाद्रीबाबा, त्यांची दाढी रोज मीच करायचो. रोज सकाळी माझ्या हातात वस्तरा आणि वस्तऱ्याखाली त्यांचा गळा. मारायचंच होतं तर मुकुटाची वाट कशाला बघतोय मी?"

ही गोष्ट तो अशा सुरात बोलला, जसं कुणी आज वारा कुठला आहे ते सांगावं. पाद्रींना तो सूर ओळखीचा वाटला. हल्ली ते स्वतः त्याच सुरात मिस्सा म्हणत.

"त्यांचा राग नव्हता तुला?"

तोबियासनं विचार केला. "माझं गाव नदीकाठी होतं. साहेबांनी दर झोपडीमागे कर बसवला. लोकांनी झोपड्या मोडल्या आणि रानात राहायला गेले. म्हटलं, झोपडीच नाही तर कर कसला! साहेबांना ते विनोदी वाटलं. हसले. मग शिपाई पाठवून रान पेटवलं. मी पोर होतो, मला त्यांनी स्वतः उचलून घोड्यावर घेतलं. माझ्याशी कधी वाईट वागले नाहीत. त्यांना ताप आला की माझा हात धरून झोपायचे. रात्रीचे ओरडायचे, 'झोपड्या मोज, झोपड्या मोज.'" त्यानं तांब्या खाली ठेवला. "राग कुठे ठेवायचा हो माणसानं, रोज ज्याच्या ताटातलं उरलेलं खायचं त्याच्यावर?"

दों ग्वाल्तेर यांचं हे आयुष्य गावाला वरवर ठाऊक होतं. घरातला धाकटा मुलगा. थोरल्याला जमीन, धाकट्याला तलवार, म्हणून आफ्रिकेत गेला. तिथे एका जिल्ह्याचा धनी झाला, नदीसकट. इकडे थोरला निपुत्रिक मेला आणि डोंगरउतारावरची सगळी कुरणं धाकट्याच्या नावावर आली. म्हातारपणी परतला तो पिवळा पडलेला, छातीवर पदकं, मागे तोबियास. तापात नवस बोलला होता की वाचलो तर सणाचा राजा होईन, मुकुट आठवडाभर घरात ठेवीन, गावाला जेवू घालीन. या बेटावर राजा होणं म्हणजे सेवा करणं. ते त्याला कुणी सांगितलं नव्हतं, किंवा सांगितलं असेल तर त्याला पटलं नव्हतं.

"सकाळी तू कुठे होतास?"

"विहिरीवर. साहेबांनीच पाठवलं. म्हणाले, जरा बाहेर जा, मला एका माणसाशी बोलायचंय."

"कुणाशी?"

"नाव नाही घेतलं. पण साहेब खुशीत होते. म्हणाले, 'आज माझा दूधभाऊ रडणार आहे.'"

४

साहेबांचा दूधभाऊ कोण, हे पाद्रींना कळेना. ते या गावचे नव्हते. ते लिओनेलकडे गेले. तो गॅलरीत विडी ओढत उभा होता.

"दूधभाऊ? मला काय माहीत! या बेटावर गाईसुद्धा एकमेकींच्या मावश्या लागतात." धूर सोडून तो म्हणाला, "काका मेल्यावर सगळं माझं. म्हणून तुमचा संशय माझ्यावर, हो ना? करा बापडे. पण मुकुट चोरून त्या पेटीत लपवायचा उद्योग मी कशाला करू? मला तो मुकुट म्हणजे उलटं ठेवलेलं चांदीचं भांडं."

पाद्रींनी मनाशी म्हटलं, हा खरं बोलतोय. याला मुकुट लपवायचा असता तर यानं तो जोड्यांतच कोंबला असता. ज्यानं लपवला त्याला चोरीचा आळ दुसऱ्यावर घालायचा होता, आणि तरी मुकुटाची विटंबना त्याच्या हातून होईना. म्हणजे हात बेटावरचा. आणि भाविक.

परसात मोठ्या भट्टीपाशी पेर्पेतुआ गोड पाव काढत होती. साहेबांचा स्वयंपाक आणि घरची वस्त्रं तिच्या ताब्यात. तिचा नवरा अँब्रोझियो हा साहेबांचा कारभारी.

"दूधभाऊ?" तिनं कोपरानं घाम पुसला. "आमचे हेच की, पाद्रीबाबा. आमच्या सासूबाई या घरच्या दाई. एका बाजूला ग्वाल्तेरबाबा, दुसऱ्या बाजूला आमचे हे. सासूबाई म्हणायच्या, ग्वाल्तेर आधी प्यायचा आणि उरलं तर माझा अँब्रोझियो. बघा, दोघांची उंचीही तशीच झाली!" ती हसली आणि लगेच क्रूस केला. "मेलेल्या माणसावर हसू नये."

"वेदीची धुतलेली वस्त्रं कुठे असतात?"

"इथेच दोरीवर होती. आता दोन कमी दिसतायत. पण मी कुठे बघू? पहाटेपासून बायकांच्या गराड्यात आहे, नाक शिंकरायलाही एकटी गेले नाही. विचारा या भवान्यांना."

भवान्यांनी एका तोंडानं हो म्हटलं, आणि वर पेर्पेतुआचा पाव यंदा करपल्याचंही सांगितलं.

अँब्रोझियो गोठ्यात बैलांच्या शिंगांना फुलं बांधत होता. गव्हासारखा रंग, पांढऱ्या भुवया. सणाच्या मेळ्याचा म्होरक्या तो. ढोल घेऊन मुकुटापुढे उभ्या उभ्या कवन रचून गाणारा. त्याच्या मागच्या पिढीतल्या एकानं म्हणे मुकुटापुढे खोटं गायलं आणि त्याचा आवाज जो बसला तो मरेपर्यंत उठला नाही.

"सकाळी साहेबांना भेटलास का, अँब्रोझियो?"

"मी बैलांपाशी होतो."

"कुणी पाहिलं?"

"बैलांनी." तो हसला नाही. त्याची बोटं फुलाच्या देठाशी झटत राहिली. "वेदीवर मुकुट पुन्हा बसवायला हवा, पाद्रीबाबा. त्याचा पाट रिकामा आहे. असा रिकामा ठेवू नये."

"बसवू. आत्ताच बसवू," पाद्री म्हणाले. "तूच गा. मुकुट कसा गेला आणि कसा मिळाला, ते गाण्यात सांग. गाव रडतंय की तो जोड्यांखाली होता."

अँब्रोझियोच्या हातातलं फूल तुटलं.

५

वेदीच्या खोलीत माणूस मावेना. प्रेत आतल्या खोलीत हलवलं होतं. पायरी धुतली होती, ती अजून ओली होती. तोबियासला दोरीनं बांधून कोपऱ्यात उभा केला होता, त्याला घेऊन सिल्वेरियो इथूनच धक्क्यावर जाणार होता. लिओनेल दाराला टेकून उभा होता.

पाद्रींनी मुकुट पाटावर ठेवला. ढोल हळू वाजू लागला. अँब्रोझियोनं टोपी काढली, डोळे मिटले आणि आवाज लावला. म्हातारा, खरखरीत, पण ठाम आवाज. आधी फुलांच्या वाटेनं धनी, म्हणजे मुकुट, कसा आला ते गायला. मग घर कसं सजलं ते. मग ढोल एका जागी घुटमळत राहिला, म्होरक्या पुढचं कडवं जुळवत असल्यासारखा.

मागून एक म्हातारी कळवळून ओरडली, "जोड्यांखाली रे देवा! जोड्यांखाली ठेवला मेल्यानं!"

अँब्रोझियोचा चेहरा कुणी चाबूक मारावा तसा झाला. आणि तो गायला,

"राजा माझा आज । पेटीत निजला ।
धूत वस्त्र त्याला । खाली वर ॥
धुळीचा न कण । पंखाला लागला ।
जोडा दूर केला । भिंतीपाशी ॥"

बायकांनी हुंदका सोडला. समाधानाचा. धन्याची विटंबना झाली नव्हती तर! लोक एकमेकांकडे बघून क्रूस करू लागले. मेळ्यानं ते कडवं उचललं, दोनदा घोळवलं.

पाद्री सिल्वेरियोच्या कानाशी वाकले. "तू कुणाला बोलला होतास?"

सिल्वेरियोचा रंग उतरला होता. "आईशप्पथ नाही. बायकोलासुद्धा नाही. पेटीत मिळाला, एवढंच बोललो."

"मीही नाही बोललो."

ढोल थांबला. अँब्रोझियोनं डोळे उघडले आणि थेट पाद्रींकडे पाहिलं. आपण काय गायलो ते त्याला कळलं होतं. की कळूनच गायला होता? त्या नजरेवरून पाद्रींना ठरवता येईना.

६

"लोकहो," पाद्री म्हणाले. ते प्रवचन नव्हतं, त्यांना आवाज चढवावा लागला नाही. "पेटी उघडली तेव्हा खोलीत मी होतो आणि सिल्वेरियो होता. तोबियास तळघरात होता. लिओनेलबाबा बाहेर होते. गावाला जे ठाऊक होतं ते जोड्यांचं. वस्त्राचं ठाऊक होतं तिघांना. मला, सिल्वेरियोला आणि ज्यानं ती वस्त्रं अंथरली त्याला. पेर्पेतुआच्या दोरीवरून दोन वस्त्रं गेली. पेर्पेतुआ बायकांत होती. तिच्या दोरीपाशी आणखी कोण सहज येऊ-जाऊ शकतं? आणि आज सकाळी साहेब कुणाची वाट बघत होते? आपल्या दूधभावाची."

पेर्पेतुआ दारात होती, हाताला पीठ.

"मी ढकललं," अँब्रोझियो म्हणाला. "मारायचं नव्हतं. पण ढकललं, हेही खरं." त्यानं ढोल खाली ठेवला. "त्यानं गायरान स्वतःच्या नावावर करून घेतलं. वरचं, सगळ्या गावाचं. म्हणाला, सोमवारपासून भिंत घालायची, आणि घालणार कोण, तर तू. तूच लोकांच्या गाई हाकलायच्या. मी पाय धरले. या मुकुटापुढे धरले. म्हटलं, ग्वाल्तेर, एका छातीचं प्यालो आपण, गावाच्या तोंडचं काढू नको. तो हसला. म्हणाला, 'तेव्हाही तुला उरलेलंच मिळायचं. आफ्रिकेत मी अख्खी नदी घेतली, तिथे कुणी रडलं नाही.'"

कोपऱ्यात तोबियासनं मान वर केली आणि पुन्हा खाली घातली.

"रागात माणूस काय करतो ते देव जाणतो," पाद्री म्हणाले. "त्याची माफी मी मागेन तुझ्यासाठी. पण मग तू दोरीपाशी गेलास. दोन वस्त्रं निवडलीस. जोडे बाहेर काढून नीट मांडलेस. फिती सोडवल्यास. ते रागात नव्हतं, अँब्रोझियो. ते सगळं तू शांतपणे, भक्तीनं केलंस. चांदीला धूळ लागू नये म्हणून खाली वस्त्र, वर वस्त्र. आणि एका जिवंत माणसाला उघडा, दगडांखाली टाकलास. मला सांग, पवित्र आत्मा त्या पेटीत होता, की तळघरात?"

अँब्रोझियोनं तोंड उघडलं. आवाज आला नाही.

सिल्वेरियोनं तोबियासची दोरी सोडली. तीच दोरी घेऊन तो अँब्रोझियोपाशी गेला, घुटमळला आणि ती स्वतःच्याच खांद्यावर टाकली. "चला, अँब्रोझियोकाका. बोट थांबणार नाही."

पाद्री त्यांच्याबरोबर धक्क्यापर्यंत चालत गेले. आपण जिंकलो असं त्यांना वाटलं नाही. एक निर्दोष सुटला, एक सज्जन बुडाला, आणि छातीत मात्र बहीण गेल्यापासूनचा तोच ओला दगड. मागून लिओनेल आला. "छान झालं, पाद्रीबाबा. न्याय झाला. भिंतीचं काम मात्र सोमवारीच सुरू करू, काकांची इच्छा होती. दुसरा कारभारी बघतो." मग तोबियासकडे वळून म्हणाला, "चल रे. घर साफ करायचंय."

"नाही," तोबियास म्हणाला.

लिओनेलला ऐकू गेलं नाही असं वाटलं. तोबियासनं पुन्हा सांगितलं नाही. तो धक्क्यावरच्या दगडावर जाऊन बसला. लिओनेल क्षणभर उभा राहिला, मग निघून गेला. दुसरं काय करायचं ते त्यालाही सुचलं नसावं.

बोट सुटली. अँब्रोझियो शेवटपर्यंत डोंगराकडे पाहत होता. माणसं पांगली. तोबियासच्या आजूबाजूला बरीच जागा सोडून पांगली. सकाळी दगड मारलेल्या हातांना आता काय करावं कळत नव्हतं. पाद्रींनाही कळत नव्हतं. "क्षमा कर" हे शब्द त्यांच्या तोंडात दिवसातून कितीदा येत, पण आत्ता ते बाहेर निघेनात.

तेवढ्यात उतारावरून पेर्पेतुआ येताना दिसली. हातात वाडगा, वर फडकं. सणाचं कालवण आधी परक्याला आणि उपाशी माणसाला द्यायचं, मग गावानं जेवायचं, अशी इथली रीत. ती पाद्रींच्या अंगावरून गेली, थांबली नाही. तोबियाससमोर उभी राहिली. ज्याच्या सुटकेपायी आपला नवरा त्या बोटीत गेला, त्या माणसाला तिनं वाडगा पुढे केला.

"गरम आहे," ती म्हणाली. "जीभ भाजेल."

तोबियासनं तिच्याकडे पाहिलं. मग वाडग्याकडे. मग तो दगडावर थोडा बाजूला सरकला.

ती बसली. त्यानं पावाचा तुकडा मोडला, कालवणात बुडवला आणि आधी तिच्यापुढे धरला.

पाद्री झेफेरिनो उभे होते तिथेच उभे राहिले. आपल्या घशातून काहीतरी येतंय असं त्यांना वाटलं. शब्द नव्हते, सूरही धड नव्हता. फार दिवस न वापरलेल्या दाराची बिजागरी कुरकुरावी तसा एक आवाज. तो कुठे चाललाय ते पाहायला म्हणून त्यांनी तो थांबवला नाही.